हजार वर्षांची पोथी: भुयारात नको, माळ्यावर ठेवा

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मी काय समजलो ते तुम्हाला कळेल. तुम्ही कादंबरी लिहिताय. कोकणासारखा किनारा, सात खाड्यांचं काल्पनिक राज्य, मांडोळ नावाचं बंदर आणि बोलणारा समुद्र. गादीवर हजार वर्षं एकच घराणं. मूळपुरुषानं दर्या जिंकून राज्य उभं केलं असं सगळे मानतात. मग नायिकेला पडक्या देवळाखालच्या भुयारात हजार वर्षांपूर्वीची गुप्त बखर सापडते. तीत लिहिलेलं असतं की राज्य मुळात राणीचं होतं, तिनं समुद्राला एक शब्द दिला होता आणि तो नवऱ्यानं मोडला. तुम्ही विचारताय की ही पोथी खरी वाटावी म्हणून काय करू? कशावर लिहिलेली दाखवू, कोणत्या लिपीत, शाप घालू का, आणि शेवटी जाळू का?

मी मोडी वाचतो आणि जुन्या पोथ्यांची डागडुजी करतो. देवगड-राजापूरच्या पट्ट्यात सव्वीस वर्षं हेच चाललंय. कादंबरीतलं मला काही कळत नाही, पोथीतलं थोडंफार कळतं. तेवढ्यावर बोलतो.

पहिल्यांदा भुयार काढून टाका. समुद्र बोलतो हे मला मान्य आहे, पण तुमच्या राज्यात पाऊस पडत असेल तर कागद कुजणारच. आमच्याकडे वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस होतो. जूनमध्ये कपाटातल्या चपलेला बुरशी येते, तिथे भुयारातल्या पोथीची काय कथा! शिवाय हजार वर्षांपूर्वी आपल्याकडे कागद रुळलाच नव्हता. त्या काळचं लिखाण आज हाताला लागतं ते तांब्यावर नाहीतर दगडावर. खारेपाटणला सापडलेला शिलाहार घराण्यातल्या रट्टराजाचा ताम्रपट शके ९३० चा, म्हणजे इ. स. १००८ चा. अलिबागजवळच्या आक्षीचा शिलालेख शके ९३४ चा मानतात. ताडपत्र असो की कागद, या हवेत काही शतकं निघाली तरी डोक्यावरून पाणी.

पण तांब्यावर गुपित कोण लिहील? ताम्रपट म्हणजे राजाचा जाहीर आवाज. खारेपाटणच्या त्या पटात रट्टराजा दान देण्याआधी आपल्या घराण्याची वंशावळ सांगतो, आणि त्याच्याही आधी राष्ट्रकूटांची. राष्ट्रकूटांची सत्ता तोवर संपून तीसेक वर्षं झाली होती. गेलेल्या धन्यांची नावं इतक्या निगुतीनं का कोरली असतील, याचा विचार करत बसलं की कादंबरी तिथेच सुरू होते. तेव्हा तुमच्या मूळपुरुषाचा खोटा इतिहास तांब्यावर घाला. तो चकचकीत आणि अभंग राहील, देवळात सगळ्यांना दिसेल. खरा इतिहास मात्र कुजणाऱ्या वस्तूवर हवा.

मग तो हजार वर्षं टिकला कसा? नकलांनी. मला तुम्हाला मुख्यतः हेच सांगायचंय. पोथी टिकत नाही, पोथीची नक्कल टिकते. चार-पाच पिढ्यांनी कुणीतरी बसून जीर्ण प्रत समोर ठेवून नवी केलेली असते. प्रत्येक वेळी त्या माणसाला तसं करण्याचं काहीतरी कारण असतं, आणि प्रत्येक जण थोडं बिघडवतो. काही नकळत, काही मुद्दाम. तुमच्या नायिकेच्या हाती येईल ती सातवी-आठवी नक्कल असू द्या, फार तर दोनशे वर्षं जुनी. हजार वर्षांचं वय त्या सगळ्या हातांना मिळून येईल.

हे मी मनचं सांगत नाही. महानुभावांचं लीळाचरित्र घ्या. म्हाइंभटानं तेराव्या शतकात ते सिद्ध केलं, आणि पंथाची परंपरा सांगते की मूळ पोथी धामधुमीत गेली. मग ज्यांना पाठ होतं त्यांनी आठवून पुन्हा लिहिलं. कुणाच्या आठवणीत काय वेगळं होतं तेही जागोजाग नोंदलेलं आहे. आपल्या कोकणातली म्हणाल तर महिकावतीची बखर, जी इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांनी १९२४ साली छापली. ती उत्तर कोकणची. सहा प्रकरणं, काही गद्य, काही पद्य, लिहिणारे वेगवेगळे, काळ वेगवेगळे, आणि सगळं एकाच दप्तरात बांधलेलं. तुमची बखर अशीच ठिगळांची असू द्या. एकाच माणसानं सुरुवातीपासून शेवटपर्यंत, एकाच सुरात, सगळं रहस्य क्रमवार सांगितलेलं असलं की माझ्यासारख्याला पहिल्या पानावरच शंका येते.

आता जागा. भुयाराऐवजी माळा. वीसेक वर्षांपूर्वी देवगड तालुक्यातल्या एका घरी मला रुमाल बघायला बोलावलं होतं. रुमाल म्हणजे कागदांचं कापडी गाठोडं, आमच्यातला शब्द. चुलीच्या बरोबर वर, माळ्यावर, तांदळाच्या रिकाम्या डब्यात ते ठेवलेलं. तांबडं फडकं धुरानं काळं पडलेलं. सोडलं तर आत कडुनिंबाचा चुरा, वेखंडाचे दोन तुकडे आणि सापाची कात. धुरामुळे कीड लागली नव्हती. खाली जी एक पोथी होती तिला मात्र कधीतरी कौलातून पाणी लागलं होतं, आणि शाईतल्या डिंकामुळे पानांची वडी झाली होती. घरच्या आजी दाराशी बसून बघत होत्या. मी विचारलं, कुणी वाचलीय का ही? तर म्हणाल्या, "वाचून काय करतलंस? दसऱ्याक पुजूक लागता ती."

हे वाक्य तुमच्या कादंबरीत कुठेतरी आलंच पाहिजे. गुपित लपवायला यापेक्षा चांगली तिजोरी नाही. पोथी सगळ्यांच्या डोळ्यांसमोर असते, दसऱ्याला तिच्यावर फूल पडतं, आणि ती वाचता येणारा शेवटचा माणूस जाऊन साठ वर्षं झालेली असतात. पहारा, कुलूप, गुप्त संप्रदाय, काही लागत नाही. त्या वेळी मी नवशिका होतो. ती वडी सुटी करायची घाई झाली आणि मी ती उन्हात ठेवली. तासाभरात वरची चार पानं पापडासारखी वळली आणि उचलताना तुटली. सावलीत, वाऱ्यावर, दिवसचे दिवस सुकवायची असते आणि मग हाडाच्या पातळ पट्टीनं एकेक पान सोडवायचं. ती चार पानं कुठली होती ते मला आजही माहीत नाही. तुमच्या नायिकेकडूनही एकदा असं काही होऊ द्या.

यातली सगळ्यात उपयोगी गोष्ट आता सांगतो. जुने लेखक, म्हणजे पोथी उतरवणारे, चूक खोडत नसत. चुकलेल्या अक्षरावर हरताळ लावत. पिवळी माती दिसते, पण असतो तो सोमलाचा भाऊबंद, गंधक आणि सोमल (आर्सेनिक) यांचं खनिज. डिंकात खलून पातळ लेप द्यायचा, सुकला की त्यावर पुन्हा लिहायचं. आपण 'हरताळ फासणे' म्हणतो ते इथून आलं. (बाजार बंद ठेवतात तो हरताळ वेगळा, त्याचा याच्याशी संबंध नाही.) पिवळट कागदावर तो पटकन दिसतही नाही. पण पान उजेडासमोर धरलं तर खालची काळी शाई पाठच्या बाजूनं बऱ्याचदा ओळखू येते. कधी दमट हवेत लेपाची खपली निघते आणि दोन-अडीचशे वर्षांपूर्वीची चूक तुमच्याकडे बघून हसते.

आणि हा लेप विषारी असल्यामुळे कीड त्याला सहसा तोंड लावत नाही. भोवतालचं पान चाळणीसारखं झालेलं आणि हरताळाचा पिवळा पट्टा तेवढा शाबूत, असं पान मी स्वतः हाताळलंय. आता तुमच्या बखरीकडे या. कुठल्यातरी राजाच्या कारकुनानं 'राणी' या शब्दावर जिथे जिथे हरताळ फासून वर 'राजा' लिहिलं, तिथे तिथे कसरीनं पान खाल्लं नाही. बाकीचा मजकूर गेला. जे खोडलं तेवढंच वाचलं, आपल्या भाषेतल्या दोन्ही अर्थांनी. भुयारापेक्षा हे बरं नाही का?

लिपीबद्दल. नवी लिपी शोधून काढायचा मोह होईल, चित्रं काढाल, वर्तुळं काढाल. करा, पण थोडक्यात करा, कारण वाचकाला ती वाचायची नसते. लिपीनं घोटाळा कसा होतो ते दाखवा. मोडीत आधी ओळभर शिरोरेघ ओढून घेतात आणि मग बोरू शक्यतो न उचलता अक्षरं तिच्याखाली लटकवत जातात. शब्द तोडत नाहीत, विरामचिन्हं नाहीत, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद पाळत नाहीत. समजा बखरीत ओळ आहे: राणीनेबंदरातनजाणे. आता तोडा. 'राणीने बंदरात न जाणे' की 'राणीने बंदरातन जाणे'? एका वाचनात मनाई आहे, दुसऱ्यात हुकूम. एका वाचनात राणी समुद्राकडे जायची थांबवली गेली, दुसऱ्यात तिला बंदरातून घालवून दिली. नक्कल करणाऱ्यानं बाळबोधात, म्हणजे देवनागरीत, उतरवताना मध्ये जागा सोडली आणि झालं, पुढची तीनशे वर्षं तीच राणीची गोष्ट. नारायणराव पेशव्यांच्या १७७३ च्या खुनाच्या संदर्भात 'ध चा मा' केल्याची कथा मराठी माणसाला पाठच असते. तुम्हाला तर अक्षरही बदलावं लागणार नाही, नुसती फट बदलली की काम झालं.

मुद्दाम गुप्त लिपीच हवी असेल तर पुन्हा महानुभावांकडे बघा. त्यांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत लिहिले. अक्षरांच्या जागी दुसरी अक्षरं आणि खुणा. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्या उलगडेपर्यंत बाहेरच्या माणसाला त्या पोथ्या म्हणजे नुसती नक्षी होती. इतकं जुनं मराठी गद्य मठामठांत पडून आहे याचा पत्ता मराठीच्या अभ्यासकांनाच नव्हता. त्यातली एक बाब लक्षात ठेवा, ती लिपी जाणणारी माणसं जिवंत होती आणि रोज वाचत होती. गुपित बाहेरच्यांसाठी होतं. आतल्यांसाठी ती नित्याची पोथी होती. तुमच्या राज्यातही अशी दहा-बारा घरं असतील तर ती कोणती? कोळ्यांची? जकात नाक्यावरच्या कारकुनांची? देवळातल्या गुरवाची? मला विचाराल तर गुरव. आमच्याकडे देवळात गाऱ्हाणं घालतात. गाऱ्हाणं घालणारा एकेका देवाचं, राखणदाराचं, पूर्वजाचं नाव घेतो आणि लोक 'होय महाराजा' म्हणतात. एखादं नाव तो खालच्या आवाजात घेतो आणि तिथे लोक 'होय महाराजा' म्हणत नाहीत, कारण बापजाद्यांपासून म्हणत नाहीत. का, ते कुणाला माहीत नाही. नायिका लहानपणापासून ते ऐकत आलीय. पोथीत तिला ते नाव भेटेल तेव्हा पान उलटायची गरज राहणार नाही.

कालनिर्देशावर थोडा वेळ घालवा, इथे कल्पनाविश्वाला फार वाव आहे. जुन्या पोथ्यांत साल आकड्यांत न देता शब्दांत देत. चंद्र म्हणजे १, नेत्र २, वेद ४, बाण ५, रस ६. आणि आकडे उलटे वाचायचे, 'अंकानां वामतो गतिः'. 'बाण-वेद-रस-चंद्र' असं लिहिलं तर ५, ४, ६, १, म्हणजे शके १६४५. त्यात ७८ मिळवा, इ. स. १७२३. आता तुमच्या जगात खाडी म्हणजे ७ असेल. चंद्र म्हणजे किती? समजा नायिका सगळे चंद्र १ धरून साल काढते आणि ते कशाशीच जुळत नाही. तिथी जुळत नाही, वार जुळत नाही, राजा तेव्हा जन्मलेलाही नसतो. चार प्रकरणं डोकं आपटून घेतल्यावर तिच्या ध्यानात येतं की चंद्र २ धरला तर सगळं जुळतं. म्हणजे ही ओळ जेव्हा पहिल्यांदा लिहिली गेली तेव्हा आभाळात दोन चंद्र होते. पोथीत चंद्राबद्दल एक अक्षर नाही आणि तरी केवढा इतिहास बाहेर आला! दुसऱ्या चंद्राचं काय झालं ते तुम्ही ठरवा. समुद्राला दिलेल्या शब्दाशी भरती-ओहोटीचं नातं असणारच.

तिथी-वाराचा ताळा मीही रोज करतो. बनावट कागद पकडायचा तो पहिला मार्ग. वतनाच्या भांडणांसाठी खोटे महजर, म्हणजे निवाड्याचे कागद, तेव्हाही होत असत. एकदा एक गृहस्थ 'शिवकालीन' पत्र घेऊन आले. अक्षराचं वळण पेशवाईतलं, ते एक असो. पण कागद खिडकीसमोर धरला तर आत पाण्याची खूण, विलायती गिरणीचं नाव आणि एकोणिसाव्या शतकातलं साल. गृहस्थ चहा न घेताच गेले. तुमच्या कादंबरीत एखादी खोटी बखरही असू द्या. ती खऱ्यापेक्षा सुवाच्य असेल, पानं पूर्ण असतील आणि राणी तिच्यात फार गोड बोलेल.

शापाचं विचारलंत. 'ही पोथी उघडेल त्याचे डोळे जातील' वगैरे नको. खरे शाप फार व्यवहारी असतात. आक्षीच्या लेखात आहे तशी गधेगाळ बघा. दान मोडणाऱ्याला आईवरून दिलेली, गाढवाची, छापता न येणारी शिवी. वर सूर्य-चंद्र कोरलेले, म्हणजे ते असेपर्यंत हे दान चालावं. वाचता न येणाऱ्यालाही कळावं म्हणून खाली चित्रसुद्धा. हे शाप जमिनीसाठी होते. पोथीच्या शेवटी शाप नसतो, गयावया असते: 'तैलाद्रक्षेज्जलाद्रक्षेद्रक्षेच्छिथिलबन्धनात्'. तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधण्यापासून मला जपा, आणि मूर्खाच्या हाती देऊ नका, असं पोथी स्वतः म्हणते. आणि लेखक म्हणतो, जसं समोर होतं तसं लिहिलं, शुद्ध-अशुद्धाचा दोष मला देऊ नका. हा दुसरा श्लोक इतका सर्रास येतो की मी वाचतही नाही. पण तुमच्या बखरीत जो कारकून राणीवर हरताळ फासतो, त्यानंच शेवटी तो लिहिला असेल तर?

नमुना मागितलात म्हणून अखेरचं पान असं काही लिहून बघितलं. तीन हात, तीन शाया:

'मूळ प्रत जीर्ण जाहली. तीन पाने वाळवीने नेली, ती थोरल्या आईस मुखोद्गत होती तैसी लिहिली. लेखक बंदरचा जकातकारकून.'

त्याखाली, बारीक वळणात: 'पूर्वलेखके स्त्रीनाम लिहिले तो हस्तदोष. सरकारआज्ञेने शुद्ध केले.'

आणि समासात, आडवं, घाईनं, काळसर तपकिरी शाईत: 'शुद्ध केले ते मीच. आई, क्षमा.'

तिसऱ्या ओळीची शाई हिराकसाची, म्हणजे लोखंडाच्या क्षाराची, ठेवा. ती शाई कागद जाळत जाते, अक्षरांच्या जागी भोकं पडतात. म्हणजे कबुलीजबाब नायिकेला शाईतून वाचता येणार नाही. पान काळ्या कापडावर ठेवून भोकांतून वाचावा लागेल.

राहता राहिला शेवट. जाळू नका. आमच्याकडे पोथी कुणी जाळत नाही. फार जीर्ण झाली की पाण्यात सोडतात, नदीत नाहीतर खाडीत. त्यापायी किती मजकूर गेला याचा हिशेब नाही, आणि मी घरोघर जाऊन 'सोडू नका, मला दाखवा' हेच सांगत फिरत असतो. पण तुमच्या गोष्टीत समुद्राचं देणं बाकी आहे. नायिका नवी नक्कल करील, राणी जागच्या जागी घालील, आणि जुनी प्रत ओहोटीला मांडोळच्या धक्क्यावरून सोडील. सोडायच्या आधी हरताळाचं ते एक पान मात्र काढून ठेवू दे. आणि ते हाताळून झालं की तिला साबणानं हात धुवायला लावा. माझ्या गुरुजींनी मला पहिल्या दिवशी शिकवलं ते तेवढंच.